पाण्याचा हिशेब, गाळाचा विसर

कावेरी पाणी तंटा लवादाने ५ फेब्रुवारी २००७ रोजी अंतिम निवाडा दिला आणि खोऱ्यातील ७४० टीएमसी पाण्याची वाटणी केली. तमिळनाडूला ४१९, कर्नाटकाला २७०, केरळला ३० आणि पुदुच्चेरीला ७ टीएमसी मिळाले. उरलेल्या चौदांपैकी दहा टीएमसी पर्यावरणासाठी राखले गेले आणि चार टीएमसी समुद्रात अटळपणे निसटणारे पाणी म्हणून नोंदवले गेले. पुढे १६ फेब्रुवारी २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तमिळनाडूच्या वाट्यातून पावणेपंधरा टीएमसी काढून कर्नाटकाला दिले. त्यांतले पावणेपाच बंगळूरुच्या पिण्याच्या पाण्यासाठी होते. या पावणेपंधरांवर दोन्ही राज्यांत रणे माजली. त्या चौदांबद्दल मात्र फारसे कोणी बोलले नाही.

‘निसटणारे’ हा शब्द मला खटकतो, आणि तो खटकण्याचा अधिकार मला कितपत आहे याविषयी मी साशंक आहे. प्रशासकीय सेवेत असताना पाटबंधाऱ्यांच्या बैठकांसाठी लिहिलेल्या टिपणांत ‘समुद्रात वाया जाणारे पाणी’ हे शब्द मी स्वतः किती वेळा वापरले असतील याची गणती नाही. त्या काळी ते स्वयंसिद्ध वाटत. सेवेत येण्यापूर्वी मी इतिहासाचा विद्यार्थी होतो, आणि निवृत्तीनंतर पुन्हा त्याच वाचनाकडे वळलो. तंजावरचा इतिहास वाचताना उमगले ते असे की, ज्या भूमीसाठी हा सारा तंटा चालला आहे ती भूमीच समुद्राकडे ‘निसटलेल्या’ पाण्याने रचलेली आहे. नदी पाण्याबरोबर माती वाहून आणते. त्रिभुज प्रदेश हा त्या मातीचा ठेवा. आणि त्यात सतत भर पडत राहिली नाही, तर समुद्र आणि जमिनीचे स्वतःचे दबणे मिळून तो हळूहळू खाऊन टाकतात. आपल्या जलनीतीने पाण्याची वही फार काटेकोरपणे ठेवली. मातीची वही उघडलीच नाही.

ही माती कुठली, हे मराठी वाचकाला मुद्दाम सांगायला हवे. कावेरी कोडगूतील तलकावेरीला उगम पावते, म्हणजे आपल्याच सह्याद्रीच्या दक्षिण अंगाला. जून ते सप्टेंबर या काळात कोकणावर कोसळणारा नैऋत्य मोसमी पाऊसच तिचे पूर आणतो. सुमारे आठशे किलोमीटर वाहून ती बंगालच्या उपसागराला मिळते. तंजावरच्या सपाटीवर मात्र या महिन्यांत पाऊस बेताचा असतो. तिथला मुख्य पाऊस ईशान्य मोसमी वाऱ्यांचा, ऑक्टोबर ते डिसेंबरचा. एका पावसाचे पाणी नदीतून येते आणि दुसऱ्याचे आकाशातून. दोन पावसांची अशी जुळणी जगात फार थोड्या ठिकाणी आहे. जूनमध्ये पेरायचे कुरुवै, त्याच्या पाठोपाठचे ताळडी आणि लांब मुदतीचे सांबा ही भाताची पिके या जुळणीवरच उभी आहेत.

उष्ण कटिबंधाविषयी युरोपातील भूगोलज्ञांचे मत विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत फारसे चांगले नव्हते. फ्रेंच अभ्यासक प्येर गुरू यांनी १९४७ च्या आपल्या ग्रंथात या पट्ट्याचे वर्णन मुसळधार पावसाने कस धुऊन गेलेल्या जमिनींचा आणि रोगट हवेचा प्रदेश असे केले, आणि आशियातील दाट वस्तीची भातखाचरे हा त्यातला मोठा अपवाद मानला. पुढे १९६३ मध्ये क्लिफर्ड गीर्ट्झ यांनी जावा बेटाच्या अभ्यासात त्या अपवादाचे मर्म उलगडून दाखवले. पाण्यात उभ्या असलेल्या भाताचे पोषण जमिनीपेक्षा पाण्यातून अधिक होते. म्हणून तेच खाचर शतकानुशतके पिकत राहते आणि जितके हात राबतील तितके आणखी थोडे देत राहते. तंजावरला हे दोन्ही निष्कर्ष लागू पडतात. इथली सुपीकता निसर्गदत्त देणगी म्हणून पदरात पडलेली नाही. पाणी, पोयटा आणि माणसांचे श्रम दरवर्षी आणून ओतले, तेव्हा ती टिकली.

त्या श्रमांचा सर्वांत जुना उभा पुरावा म्हणजे तिरुच्चीच्या खालच्या अंगाला असलेले कल्लणै. परंपरेने हा दगडी बांध करिकाल चोळाच्या, म्हणजे सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीच्या नावावर आहे. मुक्कोंबूला कावेरीचे दोन फाटे होतात. उत्तरेकडचा कोळ्ळिडम अधिक उताराचा, त्यामुळे पाण्याची ओढ साहजिकच त्याच्याकडे. श्रीरंगम बेटाला वळसा घालून हे दोन्ही फाटे पुन्हा एकमेकांच्या अगदी जवळ येतात आणि तिथे दक्षिणेकडचे पाणी कोळ्ळिडममध्ये उतरून जाण्याचा धोका असतो. कल्लणैने तो धोका अडवला. हे धरण नव्हे. त्याने पाणी साठवले नाही. वळवले, आणि जास्तीचे डोक्यावरून जाऊ दिले. पाण्याबरोबर गाळही वळला, पाटापाटांतून खाचरांत पसरला, उरलेला समुद्राकाठी गेला. सोळा-सतरा शतके तो बांध चालला, त्याचे एक कारण तो नदीशी फार भांडला नाही हेही असावे.

तंजावरला जाणारा मराठी प्रवासी बृहदीश्वर मंदिराच्या आवारात १८०३ चा भोसले वंशाचा मराठी शिलालेख आवर्जून शोधतो. आपल्या लिपीतली एवढी मोठी भिंत इतक्या दूर पाहून ऊर भरून येतो, हे खरे. पण त्याच मंदिराच्या भिंतींवर त्याहून आठशे वर्षे जुने तमिळ लेख आहेत आणि जलनीतीच्या अभ्यासकाने खरे तर तिथे थांबायला हवे. राजराजा चोळाने १०१० च्या सुमारास हे मंदिर पूर्ण केले, त्याच्या खर्चासाठी अनेक गावांचे धान्य लावून दिले आणि प्रत्येक गावाच्या क्षेत्रफळाची नोंद दगडावर कोरवली. त्या क्षेत्रातून काय काय वजा केले, तेही कोरले: गावठाण, देवळे, तळी, गावातून जाणारे पाट, कारागिरांची वस्ती, स्मशाने आणि परैचेरी, म्हणजे अस्पृश्य मानलेल्या शेतमजुरांची वेगळी वस्ती. दुसऱ्या गावाला पाणी नेणारा पाट आपल्या शिवारातून जात असेल, तर त्याखालची जमीन करातून मुक्त. वरच्या गावाने खालच्या गावाच्या पाटाला जागा द्यावी यासाठी अकराव्या शतकातल्या महसूल खात्याने केलेली ही तजवीज आहे. महसुलात उमेदवारी केलेल्या माणसाला असली नोंद वाचून जो आनंद होतो, तो इतरांना समजावणे अवघड आहे.

त्याच ओळींत परैचेरीही आहे, हे मात्र नजरेआड करता येत नाही. पाट उकरणे, गाळ काढणे, बांध घालणे ही कामे ज्यांच्या हातांनी झाली त्यांची वस्ती गावठाणाबाहेर आणि त्यांचे स्मशानही वेगळे. पाणवाटपाची ही रचना जितकी कुशल होती तितकीच निष्ठुर होती. तंजावरचे जमीनधारक ‘मिरासदार’ म्हणवले जात. हा शब्द आपल्या जुन्या दप्तरांतलाच. राबणारे मात्र पिढ्यान्‌पिढ्या बांधील राहिले. एकोणिसाव्या शतकात नागपट्टिणमच्या बंदरातून मलाया आणि सिलोनच्या मळ्यांकडे जी माणसे गेली, त्यांत या कुळांचा मोठा भरणा होता. १९५२ मध्ये पण्णैयाळ, म्हणजे सालगडी, यांच्या संरक्षणासाठी खास तंजावरपुरता कायदा करावा लागला. आणि तरीही २५ डिसेंबर १९६८ च्या रात्री कीळवेण्मणीत ४४ दलित माणसे, बहुतेक बायका आणि मुले, एका झोपडीत जाळून मारली गेली. कारण मजुरीचे होते. त्रिभुज प्रदेशाच्या पर्यावरणाचा इतिहास लिहिताना ही रात्र वेगळ्या प्रकरणात ढकलण्याची सवय अभ्यासकांना आहे. ती मला पटत नाही. या जमिनीची देखभाल कोण करणार आणि कोणत्या अटींवर, हाच तर इथला सर्वांत जुना प्रश्न आहे.

मराठी राज्याचा या नदीशी संबंध केवळ शिलालेखापुरता नाही. व्यंकोजीराजांनी सतराव्या शतकाच्या अखेरच्या चतकोरात तंजावर घेतले, तेव्हापासून भोसल्यांचे राज्य हे खालच्या अंगाचे राज्य झाले. पाण्याचा नळ वरच्या अंगाला, तिरुच्चीच्या मुलखात होता. १७६० च्या दशकात, तुळजाजीराजांच्या कारकिर्दीच्या आरंभी, हा भूगोल राजकारणात उतरला. कावेरी कोळ्ळिडममध्ये फुटू नये म्हणून तिथला बांध दरवर्षी डागडुजीने राखावा लागे. तंजावर ती दुरुस्ती आपला जुना हक्क म्हणून करत आले होते. अर्काटचा नवाब महंमद अली म्हणू लागला की बांध माझ्या हद्दीत आहे, तुमची माणसे तिथे काय करतात? अखेर मद्रासच्या कंपनी सरकारला मध्यस्थीला उतरावे लागले. खालच्या राज्याचा वहिवाटीचा हक्क, वरच्या राज्याचा हद्दीचा दावा आणि मध्ये तिसरी सत्ता, असा हा कावेरीचा तंटा १८९२ आणि १९२४ च्या म्हैसूर-मद्रास करारांच्या कितीतरी आधीचा आहे. आज बिळिगुंड्लूच्या मोजमापावरून चाललेली भांडणे ऐकताना मला तुळजाजीराजे आठवतात. फरक एवढाच की त्यांना बांधाची दुरुस्ती हवी होती, आपल्याला आकडा हवा असतो.

त्या शतकाचा शेवट वाईट झाला. १७७३ मध्ये नवाबाने तंजावर घेतले, १७७६ मध्ये ते परत मिळाले, आणि १७८१ मध्ये हैदर अलीच्या स्वारीने मुलूख उजाड झाला. जनावरे नेली गेली, माणसे पळाली, पाट बुजले, पीक बसले. सुपीकता श्रमांनी टिकते म्हणताना याच वर्षांचा दाखला द्यावा लागतो: नदी तीच, माती तीच, हात नाहीसे झाले आणि दुष्काळ आला. १७९९ च्या तहाने कारभार कंपनीकडे गेला. सरफोजीराजांकडे किल्ला, ग्रंथ आणि मानमरातब राहिले. सरस्वती महालातील आणि तंजावरच्या तमिळ विद्यापीठातील मोडी कागद आपले अभ्यासक नाटक, संगीत आणि राजघराणे यांसाठी उलगडतात. शेत आणि पाट यांसाठी ते कोणी वाचले, तर मराठीत एक वेगळाच इतिहास उभा राहील.

कंपनीच्या हाती नदी आली तेव्हा कावेरीचे मुख गाळाने भरत चालले होते आणि कोळ्ळिडम अधिकाधिक पाणी ओढून घेत होता. तरुण अभियंता आर्थर कॉटन याने १८३६ मध्ये कोळ्ळिडमवर दोन बंधारे घातले, वरचा मुक्कोंबूला आणि खालचा समुद्राच्या बाजूला. अथांग वाळूत पाया कसा घालायचा हे आपण कल्लणैच्या जुन्या बांधकाऱ्यांकडून शिकलो, हे त्याने मोकळेपणाने मान्य केले. साम्राज्याच्या अभियंत्यांत हा गुण दुर्मिळ होता. बंधाऱ्यांनी पीक वाढले, महसूल वाढला. पण काही वर्षांतच उलटे घडू लागले. कोळ्ळिडमला मिळणारे पाणी रोखल्याने कावेरीचे मुख खरवडून खोल होऊ लागले आणि १८४० च्या दशकात तिच्या मुखाशी तळबांध घालून, वरच्या बंधाऱ्याचा काही भाग खाली घेऊन तोल सावरावा लागला. कॉटनची चूक काढण्यासाठी हे सांगत नाही. नदीचा तळ हलता आहे आणि पाण्याला हात लावला की वाळूलाही लागतो, हे इंग्रज अभियंत्यांना दहा वर्षांत कळले होते, एवढेच सांगायचे आहे.

मेट्टूरने मात्र हा धडा मागे टाकला. १९३४ मध्ये पूर्ण झालेल्या या धरणाची पूर्ण पातळी १२० फूट आणि साठा ९३.४७ टीएमसी. त्यापूर्वी म्हैसूरने कृष्णराजसागर बांधला होता. १९७० च्या दशकापासून हेमावती, काबिनी, हारंगी आली. मेट्टूरने शेतकऱ्याला १२ जून ही तारीख दिली. त्या दिवशी दरवाजे उघडणार, कुरुवैची पेरणी होणार, असा संकेत रूढ झाला आणि तो चुकला की तमिळनाडूच्या राजकारणात वादळ उठते. अनिश्चित पूर निश्चित आवर्तनांत बदलले, याचे मोल मी कमी लेखणार नाही. ज्याने शेपटाकडच्या गावात पाण्याची वाट पाहणारी माणसे पाहिली आहेत, तो ते कमी लेखू शकत नाही. पण साठवण म्हणजे गाळाचा सापळा. पाणी बारा जूनला खाली येते, माती जलाशयाच्या तळाशी राहते.

मेट्टूरबरोबर जुन्या त्रिभुज प्रदेशाच्या दक्षिणेला नवे सिंचनक्षेत्र उघडले. पट्टुक्कोट्टै तालुक्यातल्या चढ-उताराच्या, पाझरणाऱ्या जमिनींत नवे कालवे गेले आणि पाठोपाठ हिवताप आला. रॉकफेलर फाउंडेशनचे पॉल रसेल यांनी १९३० च्या दशकाच्या उत्तरार्धात तिथे काम केले. त्यांचा निष्कर्ष असा की, दोष पाण्याचा नव्हता, अव्यवस्थित सिंचनाचा होता: निचऱ्याविना सोडलेले पाणी, पाझरणारे कालवे, भरावासाठी माती काढून तसेच ठेवलेले खड्डे. पाटबंधारे खात्याने पाणी पोहोचवले. ते पुढे कुठे जाईल हे पाहणे कोणाच्याच कामात लिहिलेले नव्हते. महाराष्ट्रात कालव्यांखाली खारवलेल्या, चिबड झालेल्या जमिनी ज्यांनी पाहिल्या आहेत, त्यांना ही कथा ओळखीची वाटेल.

स्वातंत्र्यानंतर १९६०-६१ मध्ये सघन शेती कार्यक्रमासाठी देशभरातून प्रथम निवडलेल्या सात जिल्ह्यांत तंजावर होते. नवे वाण आले, रासायनिक खते आली, कूपनलिका आल्या. पोयट्याची उणीव पोत्यातल्या खताने भरून निघाली, निदान तसे वाटले. पोत्यातून जमिनीचा कस आणता येतो, उंची आणता येत नाही. आणि नदी थकली की पंप चालू होतो. समुद्रकाठी गोडे पाणी जितके उपसावे तितके खारे आत सरकते. १९९० च्या दशकात याच किनाऱ्यावर कोळंबीची तळी खोदली गेली. सर्वोदयी कार्यकर्ते एस. जगन्नाथन सर्वोच्च न्यायालयात गेले. न्यायालयाने नागपूरच्या ‘नीरी’ला पाहणी करायला सांगितले आणि ११ डिसेंबर १९९६ रोजी किनारा नियमन क्षेत्रातली ही तळी बंद करण्याचा आदेश दिला. २००५ मध्ये संसदेने कायदा करून किनारी मत्स्यशेतीला नियमनाखाली वाट मोकळी करून दिली. त्याच सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये तमिळनाडूचा वाटा घटवताना त्रिभुज प्रदेशातले दहा टीएमसी भूजल हिशेबात धरले. उपसण्याजोगे भूजल आहे, तर नदीचे पाणी तेवढे कमी चालेल, असा तो तर्क. कागदावर तो चोख आहे. खाऱ्या पाण्याची आत सरकणारी रेघ त्या कागदावर नाही.

२०१८ हे वर्ष या साऱ्या गोष्टी एकत्र पाहण्यासारखे आहे. फेब्रुवारीत निकाल, जूनमध्ये कावेरी जल व्यवस्थापन प्राधिकरणाची स्थापना. जुलै-ऑगस्टमध्ये कर्नाटकातली धरणे भरून वाहिली, मेट्टूर भरले आणि पुराचे पाणी कोळ्ळिडममधून समुद्राकडे धावले. त्याच दिवसांत कालव्यांच्या शेपटाकडची गावे पाणी पोहोचले नाही म्हणून तक्रारी करत होती. तिरुच्चीत कोळ्ळिडमवरच्या वापरातून काढलेल्या जुन्या पुलाचे खांब खचले. आणि २२ ऑगस्टच्या रात्री मुक्कोंबूला, कॉटनच्या वरच्या बंधाऱ्यावरचे नऊ दरवाजे वाहून गेले. सरकारने १८२ वर्षांच्या वयाकडे बोट दाखवले आणि वाळूउपशाचा संबंध नाकारला. अनेक जाणत्यांनी मात्र उपशाने खाली गेलेल्या नदीच्या तळाकडे बोट दाखवले. मला दोन्ही कारणे खरी वाटतात. वरून गाळ येत नाही, खाली वाळू उपसली जाते आणि बंधाऱ्याचा पाया उघडा पडतो. तमिळनाडूत २००३ पासून वाळूउपसा सरकारनेच आपल्याकडे घेतला आहे. म्हणजे एक हात बंधारा राखतो आणि दुसरा त्याच्या पायाखालची वाळू विकतो. मग नोव्हेंबरमध्ये ‘गज’ चक्रीवादळाने नागपट्टिणम-वेदारण्यमचा किनारा झोडपला. चौदा वर्षांपूर्वी, २००४ च्या त्सुनामीत, याच नागपट्टिणम जिल्ह्यात सहा हजारांहून अधिक माणसे गेली होती. सखल किनाऱ्यावर हातभर उंचीचा फरक जीवनमरणाचा असतो.

किनाऱ्याची सारी धूप धरणांच्या माथी मारणे मात्र इतिहासाला धरून होणार नाही. प्राचीन कावेरीपट्टिणमचा काही भाग समुद्राने गिळला तो मेट्टूरच्या कितीतरी शतके आधी. तरंगंबाडीतल्या चौदाव्या शतकाच्या आरंभीच्या शिवमंदिराचा पुढचा भागही लाटांनी नेला. समुद्र इथे नेहमीच घेत आला आहे. पूर्वी नदी देतही होती.

या पार्श्वभूमीवर तमिळनाडूचा २०२० चा संरक्षित कृषिक्षेत्र कायदा पाहावा. तंजावर, तिरुवारूर, नागपट्टिणम हे जिल्हे आणि कडलूर व पुदुक्कोट्टैमधले काही गट यांत तेल-वायूचे नवे उत्खनन, धातूंच्या भट्ट्या, कातडी कमावण्याचे कारखाने यांना त्याने बंदी केली. शेतकऱ्यांच्या दीर्घ आंदोलनाचे ते फळ होते आणि मी त्याचे स्वागतच केले. २०२३ मध्ये केंद्राने या भागातले तीन कोळसा गट लिलावाच्या यादीत घातले आणि विरोध होताच वगळले, यावरून कायद्यामागचे लोकमत किती पक्के आहे हेही दिसले. पण कायद्याची नजर जमिनीच्या नकाशावर आहे. आधीपासून चालू असलेले प्रकल्प त्याने सोडून दिले. आणि तिरुच्ची जिल्हा, जिथे नदीचे फाटे होतात, जिथे मुक्कोंबू आणि कल्लणै आहेत, तो घोषणेत होता, कायद्यात उरला नाही. तुळजाजीराजांची अडचण तमिळनाडूने स्वतःच्या राज्यात स्वतःच निर्माण केली, असे म्हणण्याचा मोह होतो.

यावर ठरलेला आक्षेप येतो, आणि तो हलका नाही. कुरुवैला पाणी नाही म्हणून रस्त्यावर उतरलेल्या शेतकऱ्याला समुद्रात पाणी सोडण्याचे महत्त्व सांगायला कोण जाणार? मी तरी जाणार नाही. टंचाईच्या वर्षात एक थेंबही समुद्राला अधिक मिळणार नाही, हे राजकीय वास्तव आहे. पण पुराच्या वर्षात पाणी तसेही समुद्रात जाते. प्रश्न त्याच्याबरोबर काय जाते हा आहे. नाईलवरचे १९०२ चे जुने अस्वान धरण पुराचे गढूळ पाणी दरवाज्यांतून पुढे सोडून देई आणि पूर ओसरता मागचे स्वच्छ पाणी साठवी. १९७० मध्ये पूर्ण झालेल्या उंच धरणाने ती पद्धत संपवली आणि नाईलचा त्रिभुज प्रदेश मातीला मुकला. मेट्टूर आणि वरची धरणे उद्या तशी चालवता येतील असे मी म्हणत नाही. पण पुराच्या वर्षांत कोणत्या पाण्याबरोबर किती गाळ पुढे ढकलता येईल, याचा अभ्यास करून घेण्याचे काम प्राधिकरणाचे आहे, आणि त्यासाठी कोणाच्या वाट्यातून थेंबही काढावा लागत नाही.

जलाशयात अडकलेल्या गाळाचा दुसरा मार्ग महाराष्ट्राला माहीत आहे. ‘गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार’ योजना २०१७ ची. त्याच उन्हाळ्यात मेट्टूरच्या कोरड्या पात्रातूनही गाळ काढायला सुरुवात झाली आणि शेतकऱ्यांना तो नेऊ दिला गेला. कल्पना रास्त आहे, पण ट्रॅक्टरने गाळ धरणाभोवतीच्या शिवारात जातो, दोनशेहून अधिक किलोमीटर खालच्या नागपट्टिणमला पोहोचत नाही. जो गाळ त्रिभुज प्रदेशाच्या हक्काचा आहे तो पहिल्या हाताला लागेल त्याचा होतो. तुळजाजीराजांच्या काळी पाण्याचे जे होऊ पाहत होते, तेच. त्यामुळे गाळही आंतरराज्य हिशेबात यायला हवा, आणि वाळूउपशाची परवानगी नदीच्या त्या टप्प्यात त्या वर्षी नव्याने किती वाळू आली ते मोजल्यावरच मिळायला हवी.

यासाठी नवी यंत्रणा उभारावी लागेल ही सबब मात्र चालणार नाही. मुक्कोंबूच्या वरच्या अंगाला, मुसिरीजवळ, केंद्रीय जल आयोगाचे निरीक्षण केंद्र आहे आणि तिथे नदीच्या प्रवाहाबरोबर तिच्यातला गाळही मोजला जातो. बिळिगुंड्लूचा पाण्याचा आकडा प्राधिकरणाच्या प्रत्येक बैठकीत टेबलावर असतो. मुसिरीचा गाळाचा आकडाही पुढच्या बैठकीच्या विषयपत्रिकेवर घ्यावा.